रक्तपिपासू प्रियकर आणि वेशीबाहेरचा वेताळ

माकणी (जि. धाराशिव) : मराठवाड्यातील गावात भुताचा पत्ता ठरलेला असतो. मुंजा पिंपळावर, आसरा विहिरीच्या वा डोहाच्या पाण्यात, म्हसोबा बांधावर, वेताळ वेशीबाहेरच्या शेंदूर फासलेल्या दगडात, आणि हडळ सांगणाऱ्याच्या सोयीप्रमाणे कोठेही. तेरणा नदीवरील धरणामुळे जिल्ह्याबाहेर ओळखले जाणारे लोहारा तालुक्यातील माकणी या नियमाला अपवाद असण्याचे कारण नाही. ही भुते धरतात, झपाटतात, मानपान मागतात आणि नारळावर किंवा कोंबड्यावर समाधान मानतात. मुंजाची लग्नाची इच्छा अपुरी राहिलेली असते, हे खरे. पण तोही त्या इच्छेपायी त्रास देतो, प्रेम करीत नाही.

अशा गावांतील घरांत 2010 च्या दिवाळीच्या सुमारास, जेथे केबल किंवा छतावरची तबकडी पोचली होती आणि भारनियमनाने संध्याकाळ गिळलेली नव्हती तेथे, एक निराळेच भूत दिसू लागले. ते देखणे होते, महाविद्यालयात शिकत होते, हिंदी बोलत होते. वय शंभराहून अधिक, चेहरा विशीतला. माणसाच्या रक्ताची त्याला तहान होती आणि ज्या मुलीच्या रक्ताची ओढ वाटते, तिच्यावरच त्याचे प्रेम होते. इंग्रजीत ज्याला व्हॅम्पायर म्हणतात तो रक्तपिपासू प्रियकर हिंदी दूरचित्रवाणीच्या दैनंदिन मालिकेचा नायक झाला होता.

हा नायक आला कोठून, त्याला येथे रुजताना काय सोसावे लागले आणि त्याच्यामागून छोट्या पडद्यावर जी नागिणी, डायनी व मानवी लांडगे यांची रांग लागली, तिचा गावातील खऱ्या माणसांशी काय संबंध पोचतो, हे पाहण्याजोगे आहे. करमणुकीचा विषय म्हणून तो सोडून देता येत नाही. भूत ‘लागलेल्या’ बाईला मारहाण होते त्या समाजात भूत कोणाच्या रूपात गोड वाटावे आणि कोणाच्या रूपात भयंकर, हा प्रश्न निव्वळ करमणुकीचा राहत नाही.

लांबणीवर टाकलेला स्पर्श

बालाजी टेलिफिल्म्सच्या एकता कपूर यांची ‘प्यार की ये एक कहानी’ ही मालिका 18 ऑक्टोबर 2010 रोजी ‘स्टार वन’ वाहिनीवर सुरू झाली आणि डिसेंबर 2011 मध्ये संपली. त्याच महिन्यात वाहिनीही बंद होऊन तिच्या जागी ‘लाइफ ओके’ आली. अभय रायचंद या रक्तपिपासू तरुणाची भूमिका विवियन डिसेना याने, तर पिया या अनाथ, शिष्यवृत्तीवर शिकणाऱ्या मुलीची भूमिका सुकीर्ती कांडपाल हिने केली. कथा घडत होती डेहराडूनमध्ये. अमेरिकन लेखिका स्टेफनी मायर यांची ‘ट्वायलाइट’ कादंबरी 2005 मध्ये आली आणि तिच्यावरील चित्रपट 2008 मध्ये. त्यातील पावसाळी, ढगाळ गावाला भारतात सर्वांत जवळचे काय, तर धुके आणि देवदार असलेली हिमालयाची पायथ्याची वस्ती. बालाजीची निवड बिनचूक होती. मालिकेची प्रेरणा कोठली, याविषयी प्रेक्षकांच्या मनात संशय नव्हता आणि निर्मात्यांनीही तो ठेवण्याचा फारसा यत्न केला नाही.

मात्र ही उसनवारी इतकी सहज का पचली, याचे कारण मालिकेच्या धंद्यात आहे. दैनंदिन हिंदी मालिकेला आठवड्याचे पाच दिवस नायक-नायिकेला जवळ आणायचे असते आणि पाचही दिवस एकत्र येऊ द्यायचे नसते. त्यासाठी लेखक सासू, खलनायिका, स्मृतिभ्रंश, गैरसमज आणि अपघात यांची फौज पोसतात. रक्तपिपासू नायकाने हे काम एकट्याने केले. तो नायिकेच्या जवळ गेला, तर तिचा जीव जाणार. म्हणून तो दूर राहतो. दूर राहतो म्हणून त्याचे प्रेम खरे. घरातील सर्व वयाची माणसे एकत्र बसून पाहतात त्या वेळेत चुंबन दाखवता येत नाही. परंतु मानेपर्यंत आलेला आणि तेथून वळलेला चेहरा दाखवता येतो. संकोचाला शृंगाराची आणि शृंगाराला संकटाची शाल पांघरणारी ही युक्ती हिंदी मालिकेने शोधली असती, तर तिचे पेटंट घ्यावे लागले असते.

उरलेले काम पुनर्जन्माने केले. अभयची मागील काळातील मैथिली आणि आजची पिया यांचे चेहरे एकच निघाले. युरोपातील रक्तपिपासू मरत नाही, म्हणून एकाकी असतो. हिंदी मालिकेत तो मरत नाही आणि ती मात्र पुन्हा जन्मते, त्यामुळे दोघांची भेट होणे अटळ ठरते. सात जन्मांची कल्पना ज्यांच्या अंगवळणी पडलेली आहे, त्यांना यात परके काही वाटण्याचे कारण नव्हते.

देह असलेले भूत, देह नसलेले भूत

तरीही एक अडचण होती, आणि ती समजण्यासाठी युरोपातील कबरस्तानात डोकवावे लागते. रक्तपिपासू मृतांची समजूत तेथे पसरली ती पुरलेल्या देहांमुळे. 1731-32 च्या हिवाळ्यात सर्बियातील मेदवेजा या गावी लागोपाठ मृत्यू होऊ लागले, तेव्हा ऑस्ट्रियन लष्कराच्या वैद्यांनी कबरी उघडून अहवाल लिहिला. काही देह कुजलेले नव्हते, फुगले होते, तोंडाशी रक्त दिसत होते. थंड जमिनीत देह उशिरा कुजतो, आतील वायूंनी तो फुगतो आणि काळसर द्रव तोंडावाटे बाहेर येतो, हे आज शवविच्छेदन करणारा कोणीही सांगेल. त्या काळी मात्र मृताने रात्री उठून कोणाचे तरी रक्त प्यायल्याचा तो पुरावा ठरला. अहवाल छापला गेला, युरोपभर वाचला गेला. 1819 मध्ये जॉन पॉलिडोरी याने आपल्या कथेत या गावठी प्रेताला उमरावाचा पोशाख चढवला. 1897 मध्ये ब्रॅम स्टोकरचा ‘ड्रॅक्युला’ आला. प्रेताचा प्रियकर होण्यास पुढे आणखी शतक लागले.

जेथे देह जाळला जातो, तेथे ही समजूत उगवण्यास जागाच नाही. चितेनंतर उरतात त्या अस्थी आणि वासना. म्हणून आपल्याकडील बहुतेक भुते बिनदेहाची आहेत आणि बिनदेहाच्या भुताला काही बोलायचे, मागायचे असेल, तर दुसऱ्याचा देह धरावा लागतो. ‘अंगात येणे’, ‘झपाटणे’, ‘लागणे’ ही क्रियापदे त्यातून आली. युरोपच्या भुताला स्वतःचा देह आहे. म्हणून त्याला चेहरा आहे, कपडे आहेत, आणि त्याच्यावर कोणी भाळू शकते. आपल्या भुताला देह नाही. म्हणून ते घरातल्या सुनेचा, मुलीचा देह घेते, आणि भूत काढायचे म्हणजे त्या देहाला मारायचे. एकाच भीतीच्या या दोन वाटा आहेत. एक प्रेमकथेकडे गेली आणि दुसरी मांत्रिकाकडे.

या नियमाला आपल्याकडे एक ठळक अपवाद आहे, तो म्हणजे वेताळ. वेताळ प्रेतात शिरतो आणि प्रेताच्या तोंडाने बोलतो. त्यामुळे रक्तपिपासू नायकाला भारतात कोणी पूर्वज शोधायचाच झाला, तर शोध वेताळापाशी येऊन थांबतो. हे नाते जोडले रिचर्ड बर्टन याने. मुंबई लष्करात अधिकारी राहिलेल्या या भाषापंडिताने 1870 मध्ये वेताळकथांचे इंग्रजी रूपांतर प्रसिद्ध केले आणि त्याला नाव दिले ‘विक्रम अँड द व्हॅम्पायर’. त्याचा वेताळ झाडाला वाघळासारखा उलटा लटकतो. स्टोकर बर्टनला भेटला होता आणि हेन्री आयर्विंग या नटावरील आठवणींत त्याने बर्टनच्या सुळ्यांचे वर्णन केले आहे. यावरून कोणी मोठा निष्कर्ष काढू नये. योगायोग मात्र गमतीचा आहे.

खरे पाहता बर्टनने नावात अन्याय केला. मूळ कथेतील वेताळ कोणाचे रक्त पीत नाही. सोमदेवाने अकराव्या शतकात काश्मिरात रचलेल्या ‘कथासरित्सागरा’त ही कथा येते आणि तेथील राजा उज्जैनचा नसून गोदावरीकाठच्या प्रतिष्ठानचा, म्हणजे आजच्या पैठणचा, त्रिविक्रमसेन आहे. एक भिक्षू त्याला रोज एक फळ आणून देतो. फळात रत्न निघते. त्या उपकाराची फेड म्हणून राजाने स्मशानातील झाडाला लटकणारे प्रेत आणायचे असते. वाटेत प्रेतातला वेताळ कथा सांगतो आणि शेवटी प्रश्न विचारतो. उत्तर ठाऊक असून राजा गप्प राहिला, तर त्याचे डोके फुटेल. उत्तर दिले, तर मौन मोडले म्हणून वेताळ पुन्हा झाडावर. अखेरीस त्या भिक्षूलाच राजाचा बळी द्यायचा आहे, हे सांगून वेताळ राजाला वाचवतो. येथे भयंकर कोण, तर जिवंत साधक. वेताळ हा परीक्षक आणि मित्र.

‘कथासरित्सागरा’चा मूळ आधार म्हणजे गुणाढ्याची लुप्त झालेली ‘बृहत्कथा’. आख्यायिका तिचा संबंध सातवाहन राजाशी आणि पैठणशी जोडते. राजाने पैशाची भाषेतील ग्रंथ नाकारला, तेव्हा स्वतःच्या रक्ताने लिहिलेले ते लाखो श्लोक गुणाढ्याने रानात पशुपक्ष्यांना वाचून दाखवत अग्नीत टाकले, असे ती सांगते. रक्त, पिशाच्चांची भाषा आणि अग्नी, अशी सामग्री एकत्र आलेली दुसरी साहित्यिक आख्यायिका सहजासहजी सापडणार नाही. सातवाहनांच्या त्या जगाचा दुवा माकणीपर्यंतही पोचतो. धरण ज्या तेरणेवर बांधले, तिच्याच काठी वरच्या अंगाला तेर आहे. पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासवृत्तात पैठणबरोबर ज्या तगर नगराचे नाव येते, ते हेच.

वेताळकथांत प्रेम आहे, पण ते मालिकेतल्यासारखे नाही. एका कथेत मंदारवती नावाच्या मुलीला तिघांनी मागणी घातलेली असते आणि लग्न होण्यापूर्वीच ती मरते. एक तरुण तिच्या रक्षेवर झोपून राहतो, दुसरा अस्थी गंगेला नेतो, तिसरा फिरत फिरत मेलेल्यास उठवण्याचा मंत्र मिळवतो. ती जिवंत होते. आता ती कोणाची? राजाचा निवाडा असा की, जीव देणारा बाप झाला, अस्थी नेणारा मुलगा झाला; रक्षेला सोडून न गेलेला तो पती. मृत्यू आणि प्रेम यांचा संबंध येथेही आहे. फरक इतकाच की, ऐकणाऱ्याला भुलवण्याऐवजी ही कथा न्याय करण्यास बसवते. मुलीचे स्वतःचे मत काय, हे मात्र वेताळही विचारत नाही आणि राजाही.

कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजात एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी ‘बैताल पचीसी’ हिंदीत तयार झाली. मराठीतही ‘वेताळपंचविशी’ छपाईच्या पहिल्या पिढीतच आली आणि मुलांच्या पुस्तकांत स्थिरावली. 1980 च्या दशकात रामानंद सागर यांनी ‘विक्रम और बेताल’ दूरदर्शनवर आणली. अरुण गोविल विक्रम, तर ज्येष्ठ नट सज्जन बेताल. गावात एखाद-दुसरा संच असतानाच्या काळात रविवारी पाहिलेला तो पांढऱ्या केसांचा, खो खो हसणारा बेताल आज पन्नाशीत असलेल्यांच्या स्मरणात आहे. त्याची भीती वाटे. पण तो पुन्हा यावा, असेही वाटे.

वाड्यातली भुते

रामसे बंधूंनी ‘बंद दरवाजा’ (1990) या चित्रपटात शवपेटीत झोपणारा ड्रॅक्युलाछाप सैतान आणला होता आणि 1993 पासून ‘झी’वर त्यांचा ‘झी हॉरर शो’ लागे. त्यात प्रेमाला स्थान होते, पण भुताला प्रेमाचा अधिकार नव्हता. मराठीत नारायण धारप यांनी स्टीफन किंगच्या ‘सालेम्स लॉट’वरून ‘लुचाई’ लिहिली आणि रक्तपिपासूंना मराठी मातीत आणले. तेही निखळ भयच होते. धारपांच्या वाचकाला त्या पात्रांविषयी प्रेम वाटेल, ही कल्पना खुद्द धारपांनाही मानवली नसती.

मराठी वाहिन्यांनी व्हॅम्पायरला हात लावला नाही, ही गोष्ट लक्षणीय आहे. ‘झी मराठी’ची ‘रात्रीस खेळ चाले’ 22 फेब्रुवारी 2016 रोजी सुरू झाली, तेव्हा भूत आले ते कोकणातील नाईकांच्या वाड्यात, भावकीच्या भांडणात, जमिनीच्या कागदांत. कोकणात या चित्रणाबद्दल नाराजीही उमटली. पुढच्या पर्वातील अण्णा नाईक आणि शेवंता यांचे प्रकरण लोकांनी डोळ्यांत तेल घालून पाहिले. ते प्रेम होते, वासना होती, गुन्हा होता; शंभर वर्षांचा सोज्ज्वळ प्रियकर मात्र नव्हता. मराठी भुताला सातबारा लागतो. डेहराडूनच्या वसतिगृहात त्याचे मन रमत नाही.

मीटर गावात आले

हिंदी मालिकेचा रक्तपिपासू नायक एका तरुण, शहरी प्रेक्षकांच्या वाहिनीवर अवतरला, हा योगायोग नव्हता. 2010 मध्ये ‘टॅम’ची लोकप्रियता मोजणारी मीटर शहरांत होती आणि ग्रामीण भाग त्या मोजणीत नव्हता. माकणीतील किती घरांनी अभय-पिया पाहिले, याचा जाहिरातदाराच्या हिशेबावर तिळमात्र परिणाम होत नव्हता. त्याच्या लेखी ते प्रेक्षक अस्तित्वातच नव्हते. मालिका ज्यांना मोजले जाई, त्यांच्यासाठी बने. महाविद्यालय, गिटार, धुके आणि इंग्रजी वळणाचे भूत हा त्याचाच परिणाम.

2015 मध्ये ‘बार्क’ ही नवी मोजणी यंत्रणा आली आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये तिने ग्रामीण भागाचे आकडे देण्यास आरंभ केला. 1 नोव्हेंबर 2015 रोजी ‘कलर्स’वर एकता कपूर यांचीच ‘नागिन’ सुरू झाली. मालिकेची आखणी त्याआधी कितीतरी झालेली असणार. तेव्हा एकामुळे दुसरे घडले, असे म्हणता येणार नाही. पण गावाची मोजदाद सुरू झाल्यावर पडद्यावरून डेहराडूनचा व्हॅम्पायर हटला आणि वारुळातली नागीण आली, हे चित्र बोलके आहे. नागिणीला ओळख करून द्यावी लागली नाही. जेथे नागपंचमीला वारुळाला लाह्या वाहतात, नांगर धरत नाहीत आणि भाजी चिरत नाहीत, तेथे इच्छाधारी नागिणीचा सूड समजण्यास कोणत्याही कादंबरीची गरज पडत नाही. ‘नागिन’चे पर्वामागून पर्व येत राहिले.

त्यानंतर वाहिन्यांवर अद्भुताचा पूर आला. रक्तपिपासू प्रेमकथेचा मूळ साचाही नाहीसा झाला नाही. फेब्रुवारी 2023 मध्ये ‘कलर्स’वर आलेल्या ‘तेरे इश्क में घायल’ या मालिकेत ‘द व्हॅम्पायर डायरीज’ या अमेरिकन मालिकेची छाया स्पष्ट होती. एका मुलीच्या प्रेमात पडलेले दोन अमर भाऊ येथे रक्तपिपासूंऐवजी मानवी लांडगे झाले. त्यांपैकी एकाची भूमिका गश्मीर महाजनी या मराठी नटाने केली. धुके मात्र तेच होते.

त्याला प्रेम, तिला मार

‘स्टार प्लस’वर जुलै 2018 मध्ये सुरू झालेली ‘नजर’ ही मालिका या संदर्भात बारकाईने पाहण्यासारखी आहे. तिच्यातील मोहना ही डायन. तिची शक्ती तिच्या लांब वेणीत. ती दुसऱ्यांच्या आयुष्यावर जगते आणि म्हणून खलनायिका ठरते. तिचाच मुलगा अंश याच्यात डायनीचा अंश आहे आणि तो मात्र नायक, ज्याच्यावर नायिका प्रेम करते. आठ वर्षांपूर्वीच्या अभय रायचंदशी हे ताडून पाहिले, म्हणजे सूत्र हाती लागते. दुसऱ्याच्या जिवावर जगणारा पुरुष असला, तर ते त्याचे दुःख. त्याला समजून घेणारी मुलगी मिळते. तेच बाई करीत असेल, तर ते तिचे पाप. तिचा शेवट करण्यात सारे कुटुंब एक होते. नागीण तेवढी या नियमातून सुटते, कारण तिच्या पाठीशी देव आहे.

पडद्यावरील हा भेद गावातील भेदाची नक्कल आहे. लोकसमजुतीतील हडळ, जखीण, लावसट या बायकांची भुते. बाळंतपणात किंवा अकाली गेलेल्यांची. आणि जिवंतपणी चेटकीण ठरते तीही बहुधा बाईच. मराठवाड्याला भानामतीचा इतिहास आहे. बायकांना अचानक झटके येणे, त्यांनी कुत्र्या-मांजरासारखे आवाज काढणे, आणि मग ‘करणी कोणी केली’ म्हणून गावाने एखाद्या घराकडे बोट दाखवणे. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी या भागात त्यासाठी गावोगाव मोहिमा केल्या. मानसोपचाराची गरज असलेली एक आणि विनाकारण संशयित ठरलेली दुसरी, असे दोन बळी त्यात एकाच वेळी जात.

डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात हत्या झाल्यानंतर राज्याने अनेक वर्षे रेंगाळलेला जादूटोणाविरोधी कायदा आधी वटहुकमाने आणि डिसेंबर 2013 मध्ये विधिमंडळात मंजूर करून आणला. त्याच्या अनुसूचीतील पहिलेच कलम भूत उतरवण्याच्या नावाखाली होणाऱ्या मारहाणीविषयी आहे. दोराने वा साखळीने बांधणे, काठीने वा चाबकाने मारणे, मिरचीची धुरी देणे, छताला टांगणे, असे प्रकार त्यात एकेक करून नोंदवले आहेत. एखादी व्यक्ती करणी करते, भूत लावते किंवा सैतान आहे, असे पसरवून तिचे जगणे असह्य करणे हाही गुन्हा आहे. शिक्षा सहा महिने ते सात वर्षे कारावास आणि पाच हजार ते पन्नास हजार रुपये दंड. गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र असून पोलीस निरीक्षकाहून कमी दर्जाचा नसलेला दक्षता अधिकारी नेमण्याची तरतूद आहे. ही यादी वाचणाऱ्याच्या ध्यानात येते की, यातील देह मारला जातो, तो भुताचा नसतो.

प्रियकराच्या बाजूलाही कायद्याचा एक धागा लागतो. ‘ट्वायलाइट’चा नायक नायिका झोपली असताना रात्रभर तिच्या खोलीत बसून तिला न्याहाळतो, आणि कादंबरी त्याला प्रेम म्हणते. मुलीच्या मागे मागे राहणे, ती नको म्हणत असताना तिच्यावर पाळत ठेवणे, ही या साऱ्या कथाप्रकाराची आवडती मुद्रा आहे. भारतात 2013 च्या फौजदारी कायदा दुरुस्तीने असा पाठलाग हा स्वतंत्र गुन्हा झाला आणि आता तो भारतीय न्याय संहितेच्या 78 व्या कलमात आहे. कोणी तरी रस्त्यात मागे येतो, एवढ्या कारणावरून जेथे मुलीची शाळा सुटते आणि लग्न उरकले जाते, तेथे हा नायक निरुपद्रवी आहे, असे म्हणणे धाडसाचे ठरेल.

या पार्श्वभूमीवर 21 ऑक्टोबर 2025 रोजी, ऐन दिवाळीत, प्रदर्शित झालेला ‘थामा’ हा हिंदी चित्रपट वेगळा वाटतो. तो दूरचित्रवाणीचा नाही. पण बर्टनने 1870 मध्ये वेताळाला जे नाव चिकटवले, त्याचे वर्तुळ त्याने पूर्ण केले. त्यातील रक्तपिपासूंना ‘बेताल’ म्हटले आहे. दिग्दर्शक आदित्य सरपोतदार मराठी. ‘नारबाची वाडी’, ‘फास्टर फेणे’, ‘झोंबिवली’ हे चित्रपट त्यांचेच, आणि कोकणातील पिंपळावरचा मुंजा ‘मुंज्या’ (2024) या हिंदी चित्रपटातून देशभर नेणारेही तेच. ‘थामा’तील जन्मजात बेताल नायिका आहे, रश्मिका मंदाना हिने साकारलेली ताडका. ती आयुष्मान खुराना याने रंगवलेल्या पत्रकाराला वाचवते आणि त्याच्यावर प्रेम करते. रामायणात जिचा वध झाला, त्या राक्षसीचे नाव धारण करणारी रक्तपिपासू स्त्री नायिका ठरली, एवढे तरी या चित्रपटाच्या खात्यावर मांडले पाहिजे. वाहिन्यांच्या लेखकांनी तेवढी मजल अद्याप क्वचितच मारली आहे.

अंधश्रद्धेला उत्तेजन देणारा कार्यक्रम दाखवू नये, असे केबल दूरचित्रवाणी जाळे नियम, 1994 मधील कार्यक्रम संहिता सांगते. वाहिन्यांनी त्यावर सोपा तोडगा काढला आहे. ही कथा काल्पनिक असून अंधश्रद्धेला प्रोत्साहन देण्याचा हेतू नाही, अशा आशयाची सूचना आरंभी पडद्यावर येते. ती बारीक अक्षरांत असते, काही क्षण टिकते आणि बहुधा इंग्रजीत किंवा हिंदीत असते. ती वाचून होण्याआधीच पडद्यावर वीज कडाडते आणि डायनीची वेणी सळसळू लागते.